चिंचेखाली बसलेला माणूस

१

ती दगडी हातकुऱ्हाड खोटी निघाली तेव्हा बाहेर धुकं होतं. आधी मला वाटलं, धुक्यामुळेच नीट दिसत नसावं. मग लक्षात आलं की मी सूक्ष्मदर्शकातून बघते आहे, आणि धुकं त्यात शिरत नाही.

माझं काम सोपं आहे. दगडाची धार भिंगाखाली धरायची आणि हजारो वर्षांपूर्वी तिनं काय कापलं ते वाचायचं. कातडं खरवडलं असेल तर धार बोथट होते, लाकूड तासलं असेल तर तिच्यावरचे उंचवटे गुळगुळीत होतात. काहीच कापलं नसलं तरी जमिनीत पडून पडून दगडावर एक पातळ साय धरते. तास न् तास बघत राहिलं की दगड दगड राहत नाही. टेकड्या दिसतात, कोरडे ओढे दिसतात, चांदण्यात पडलेली शेतं दिसतात. माझी मुलगी म्हणते, आई कामाला जात नाही, सहलीला जाते.

या कुऱ्हाडीवर शेतं नव्हती की ओढे नव्हते. मातीचा लेप एका कडेनं धुतला तर खाली कोरी करकरीत पिवळी गारगोटी. साय नाही, ओरखडा नाही. धारेवर बोट फिरवलं आणि रक्त आलं. फार तर या हिवाळ्यात घडवलेली.

तंबूच्या दारात मधुकरराव सर उभे होते. वडनेरच्या पुढे, नदीच्या काठी, वासुदेवराव डायरे यांच्या वांग्यांच्या शेताला लागून सरांचं खोदकाम चाललं होतं, आणि त्यांच्या आयुष्यातलं ते शेवटचं खोदकाम होतं. तीन दिवसांपूर्वी सगळ्यात खोल थरातून ही कुऱ्हाड निघाली. सरांनी ती कोणाला धुऊ दिली नाही. म्हणाले, शकुंतला येईल, तीच बघेल. पण वर्ध्याच्या पत्रकारांना फोन केले आणि पुरातत्त्व खात्याच्या अधिकाऱ्यांनाही बोलावून ठेवलं. अधिकारी उद्या सकाळी येणार होते.

"सांग," सर म्हणाले. "किती जुनी?"

मला सांगवेना. पण सांगितलं.

सर खुर्चीत बसले. त्यांच्या मागे त्यांचा सहकारी किशोर उभा होता. शांत आवाजात तो म्हणाला, "खड्डा अंकिताचा. कुऱ्हाड काढली अंकितानं. आणि असा दगड घडवता येतो या कॅम्पवर दोघांनाच. एक सर, दुसरी अंकिता."

अंकिता तिथंच होती. सरांची विद्यार्थिनी, प्रबंध लिहायला बसलेली, आष्टीकडच्या भाजीवाल्या कुटुंबातली. हाताला कोपरापर्यंत माती आणि दोन बोटांना चिकटपट्ट्या. सरांनी त्या पट्ट्यांकडे बघितलं.

"चोर," ते म्हणाले. मी त्यांच्या तोंडून हा शब्द कधी ऐकला नव्हता. "उद्या मी साहेबांना सांगणार, या पोरीनं आम्हाला फसवलं. हिचा प्रबंध बंद. पुन्हा कोणाच्या खोदकामावर हिला पाय ठेवू देणार नाही."

"मॅडम, मी नाही केलं," अंकिता म्हणाली. सरांना नव्हे, मला.

मी कुऱ्हाड उचलून कापसात गुंडाळली. "सर, सकाळपर्यंत थांबा. आजचा दिवस मला द्या."

"दिला," सर म्हणाले, आणि लगेच, "तू एसटीनं आलीस की गाडीनं?"

हे त्यांनी मला सकाळपासून तिसऱ्यांदा विचारलं होतं. माणूस हादरला की असं होतं, असं मी मनाशी म्हटलं.

२

अंकिता आपल्या खड्ड्यात जाऊन बसली होती. भांडून माहेरी आलेली मुलगी कोपऱ्यात बसते तशी. मी शिडीवरून उतरले. खाली गार वाटत होतं, ओल्या मातीचा वास होता, आणि वर आभाळाचा चौकोन तेवढा दिसत होता. इतक्या खाली आलं की आवाज बदलतात. वरच्या माणसांची बोलणी कुठल्या तरी दुसऱ्या काळातून आल्यासारखी वाटतात. मला अशा खड्ड्यांमध्ये फार बरं वाटतं, पण ते सांगायची ही वेळ नव्हती.

"बोटांना काय झालं?"

"दगड फोडत होती. सरावाचा. सर म्हणतात, रोज एक फोडायचा."

"त्याचं काय केलंस?"

"हे बघा." तिनं खिशातून एक वेडावाकडा काळा दगड काढला. "हे माझं. तुम्ही बघून राह्यल्या ना, किती सुंदर आहे ते? मॅडम, मला ती कुऱ्हाड करता आली असती तर मी सगळ्या गावाला दाखवली असती. लपवली असती का?"

मी तो काळा दगड निरखला. घाव घाईचे, कडा दाबलेल्या, एका ठिकाणी चिडून मारलेला. कापसातली ती कुऱ्हाड मात्र कोणीतरी निवांत, रमत केली होती. चिडका घाव एकही नव्हता. पण वकील उभा केला तर म्हणेल, बाई, मुद्दाम वाईट करणं कोणालाही जमतं. म्हणून मी ते मनातच ठेवलं.

"निघाली तेव्हा कशी होती?"

"आडवी. भोवतीची माती जरा भुसभुशीत होती. मी सरांना तेव्हाच सांगितलं. ते म्हणाले, उंदराचं बीळ असेल." ती थांबली. "सर फार खूश झाले हो मॅडम. माझ्या डोक्यावर हात ठेवला. मले वाटलं, मी पास झाली."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. तो हात माझ्याही डोक्यावर होता, पुष्कळ वर्षांपूर्वी.

भुसभुशीत माती म्हणजे कुऱ्हाड कोणीतरी संध्याकाळी खड्ड्यात उतरून दाबून ठेवली होती. हे तर सरांचं जुनं कसब! आम्ही विद्यार्थी होतो तेव्हा सर दर हंगामात एक स्वतः घडवलेला दगड कोणाच्या तरी खड्ड्यात लपवून ठेवायचे. ओळखला तर शाबासकी, नाही ओळखला तर थट्टा. आष्टीजवळच्या कॅम्पवर मी अशाच एका तासणीवर भलंमोठं व्याख्यान दिलं होतं आणि सर तोंडावर रुमाल धरून ऐकत होते. पण संध्याकाळच्या चहाच्या आत ते स्वतःच गुपित फोडायचे. गंमत पोटात ठेवणं त्यांना जमतच नसे. आणि इथं? तीन दिवस. पत्रकार. अधिकारी. डोळ्यांत आनंदाश्रू. छे, ते सर नव्हेत. सर इतकं नाटक करूच शकत नाहीत.

मी शिडीवर चढत असताना अंकिता खालून म्हणाली, "मॅडम, किशोर सर रोज संध्याकाळी एकटे खड्डे मोजायला उतरतात. एवढंच सांगते."

३

किशोर मातीचे थर वाचणारा माणूस. खड्ड्याच्या भिंतीवरच्या रेघांकडे बघून नदी कधी इकडून वाहत होती आणि कधी रुसून तिकडे गेली, ते सांगतो. तो नदीकाठी बसून बुटांचा चिखल काढत होता. पाण्यावर धुकं अजून तरंगत होतं आणि पलीकडच्या कपाशीत उरलेली बोंडं पांढऱ्या ठिपक्यांसारखी दिसत होती.

"ताई, मला माहीत आहे तुम्ही कशाला आलात," तो म्हणाला. "संध्याकाळी मीच उतरतो. हो. आणि खोल थर सापडला तर पुढची तीन वर्षं परवानगी मिळेल, मग माझी नोकरीही टिकेल. हेही खरं."

"मग?"

"मग मी दगड फोडला तर त्याचे तुकडे होतात, अवजार होत नाही. सरांनी मला दोन वर्षं शिकवलं आणि हात जोडले." तो हसला, पण लगेच गंभीर झाला. "मला त्या पोरीचं वाईट वाटतं. पण दुसरं कोण? वासुदेवराव? त्यांना गावात संग्रहालय हवंय, पाटीवर आपलं नाव हवंय. ते दिवसभर वांगी तोडतात. हातकुऱ्हाड कशी असते हे त्यांना त्या दिवशी कळलं."

"सर?"

किशोरनं बूट खाली ठेवला. "सरांना जमिनीवरून उठायचं तर दोन माणसं लागतात. गुडघ्याच्या ऑपरेशनपासून उजवा पाय वाकतच नाही. शिडी उतरतात, पण एकेक पायरी रडवते." मग नदीकडे बघत, "ताई, तुम्हाला ते थकल्यासारखे वाटले का? परवा त्यांनी मला माझ्या वडिलांच्या नावानं हाक मारली. दोघं मित्र होते, म्हणून असेल."

"म्हणून असेल," मी म्हटलं.

आता मला वाटतं, आम्ही दोघांनीही तेव्हा नदीकडे बघणं सोडून एकमेकांकडे बघायला हवं होतं.

जाताना मी विचारलं, "दगड घडवायचा म्हणजे चिपा, कपच्या पडणार. ढीगभर. कुऱ्हाड इथं आहे, तर तिच्या चिपा कुठं आहेत?"

कोणी शोधल्याच नव्हत्या.

४

दगड घडवणाऱ्याला लपता येत नाही. एक अवजार हाती येतं तेव्हा शे-दोनशे चिपा खाली पडलेल्या असतात, आणि त्या माणसाची अख्खी बैठक जमिनीवर लिहून ठेवतात. पाच लाख वर्षांपूर्वीच्या माणसाचा चेहरा आपल्याला माहीत नाही, पण तो कसा बसला होता हे माहीत असतं. म्हणून आम्ही आधी चिपा शोधतो.

मी दुपारपर्यंत सगळं रान पालथं घातलं. काठ, बांध, तंबूंची मागची बाजू. चिपा होत्या, पण त्या जुन्या, कडा झिजलेल्या, हातात घेतल्या तर गोट्यांसारख्या निरुपद्रवी. हताश होऊन मी स्वयंपाकाच्या छपरीत आले. वासुदेवरावांच्या पत्नी कुंताबाई कॅम्पचा स्वयंपाक करायच्या. त्या लंगडत आल्या आणि माझ्यापुढे भाकर आणि वांग्याची भाजी ठेवली.

"खाऊन घ्या जी बाई. उपाशी पोटी काय चोर सापडते?"

"तुमच्या पायाला काय झालं?"

"काय सांगू माय! चिचोके वेचाले गेलती मोटारीच्या खोलीमागं. चपलीतून आरपार काच गेली. कोण मेल्यानं बाटली फोडून ठेवली तं देव जाणे."

"काच?"

"मंग? एवढी धार राहते का दुसऱ्या कशाले?"

मी घास खाली ठेवला.

"कुंताबाई, ती काच बघितलीत का तुम्ही?"

"बघते कायले? रक्त पाह्यलं न् फेकून देली. पिवळी होती, बिअरच्या बाटलीसारखी." त्यांनी माझ्याकडे निरखून पाहिलं. "काऊन जी? असं काऊन पाहून राह्यल्या?"

जुनी चिप चप्पल कापत नाही. मातीत हललेल्या, पाण्यात घरंगळलेल्या दगडाची धार कधीच मरून गेलेली असते. चप्पल कापते ती ताजी फोडलेली गारगोटी. मी हात न धुताच उठले. मागून कुंताबाई ओरडत होत्या की भाजी थंड होऊन राह्यली.

५

पाण्याच्या मोटारीच्या खोलीमागं एक मोठी चिंच आहे. दुपारी तिथं वेगळंच जग असतं. मोटार बंद, पाटाचं पाणी थांबलेलं, तंबूंत सगळे जेवून आडवे झालेले. पानापानांतून ऊन खाली गळत असतं. मला क्षणभर वाटलं, इथं कोणीही बसलेलं असू शकतं, आजचा माणूस किंवा तो पहिला माणूस, आणि दोघांनाही एकच सावली पुरेल.

मी अंकिताला बोलावलं. तिच्यावर आळ होता, म्हणूनच बोलावलं. तिनं डोळ्यांनी बघायला हवं होतं. आम्ही दोघींनी ब्रशनं चिंचेचा पाला बाजूला केला. एकही चिप जागेवरून हलू द्यायची नव्हती. हळूहळू पिवळा पसारा उघडा झाला. अंकितानं कडेची एक चिप उचलली, कापसातून कुऱ्हाड काढली, आणि एका खळगीवर ती चिप टेकवली. चिप बसली. इतकी बेमालूम बसली की रेघही दिसेना. तिनं ती पुन्हा होती तिथं ठेवली.

"इथंच केली," ती कुजबुजली.

"खाली बघ," मी म्हटलं.

सरांनी आम्हा सगळ्यांना एक रीत शिकवली आहे. सरावासाठी दगड फोडलास तर चिपांखाली चालू सालाचं नाणं ठेव. उद्या, हजार वर्षांनी, कोणी खणलं तर त्यानं आपला कचरा आदिमानवाचा समजू नये. सरांचा विद्यार्थी दुसरं काहीही विसरेल, नाणं विसरणार नाही. अंकितानं सुईच्या टोकानं ढिगाची मधली चिप अलगद उचलली. खाली दोन रुपयांचं नाणं होतं. नवं, यंदाचं.

मी तिथंच मातीत बसले आणि विचार केला. हे नाणं वासुदेवरावांना आणि बाकी गावाला मोकळं करत होतं, कारण ही रीत फक्त आमची. पण त्याहून मोठी गोष्ट वेगळीच होती. जगाला फसवायचं असेल तर आपल्याच फसवणुकीखाली कोणी पुरावा पुरून ठेवतो का? ज्यानं नाणं ठेवलं त्याच्या मनात चोरी नव्हती. त्यानं ही कुऱ्हाड सराव म्हणून केली होती. किंवा गंमत म्हणून.

गंमत म्हणून.

मी पुन्हा पसाऱ्याकडे बघितलं आणि आता तो मला वाचता आला. जमिनीवर मांडी घालून बसलेल्याच्या चिपा मांडीपाशी साचतात. या उंचावरून पडून पसरल्या होत्या. माणूस खुर्चीवर होता. आणि पसाऱ्यात दोन मोकळ्या जागा होत्या, जिथं पाय असल्यामुळे चिपा पडल्याच नव्हत्या. डावीकडे पावलाएवढी आखूड. उजवीकडे लांबच लांब सरळ पट्टी. उजवा पाय पुढे पसरलेला. न वाकणारा.

जेवण झालं की सर आपली तार बांधलेली निळी खुर्ची उचलून चिंचेकडे जातात, हे कॅम्पवर सगळ्यांना माहीत होतं. सगळ्यांना वाटायचं, डुलकी काढायला जातात.

मग ते नेहमीसारखे संध्याकाळच्या चहाला का बोलले नाहीत? सकाळपासूनचं सगळं माझ्यासमोर येऊन उभं राहिलं. एसटीनं आलीस की गाडीनं. किशोरच्या वडिलांची हाक. उंदराचं बीळ. सरांनी नाटक केलंच नव्हतं. त्यांनी कुऱ्हाड केली, नाणं ठेवलं, संध्याकाळी शिडी उतरून ती लपवली, वर आले, आणि विसरून गेले. पुढे ती निघाली तेव्हा ते खरोखर आनंदानं रडले.

मला इतकं वाईट वाटलं की मी तोंडावर हात धरला.

अंकितानं माझ्या आधीच ओळखलं असावं. ती पाल्याची मूठ भरून पसाऱ्यावर टाकायला लागली. "मॅडम, हे कोणाले सांगायचं नाही."

"वेडी आहेस का? तुझा प्रबंध जाईल."

"जाऊ द्या. बाबांसंगं आष्टीच्या बाजारात बसीन. सरांचं हे लोकांले समजलं तं लोक त्यांच्याकडे कसे पाहतील?"

"आणि तुझ्याकडे?" मी तिचा हात धरला, जरा जोरातच. मला तिचा राग आला होता आणि तिच्यावर जीवही जडला होता. "चोर म्हणून जगशील? त्यांनीच शिकवलं ना, दगड सांगेल तेच लिहायचं? तो पाला काढ. काढ आधी."

तिनं पाला काढला. आम्ही दोघी रडत रडत काढत होतो.

६

ऊन उतरल्यावर मी सरांकडे गेले. "सर, एक घडवणाऱ्याची जागा सापडली आहे. वाचून सांगाल?"

त्यांचा चेहरा उजळला. सकाळची चोरी, राग, सगळं पुसलं गेलं. ते माझा हात धरून चिंचेखाली आले. निळी खुर्ची मी पसाऱ्याच्या अलीकडे ठेवली. बसताना त्यांनी उजवा पाय समोर लांब केला, नेहमीसारखा.

अंकिता झाडामागे उभी होती. मी तिला तिथंच थांबायला सांगितलं होतं.

सर पुढे वाकून पसारा बघायला लागले. मग त्यांनी जो आवाज लावला तो मी तीस वर्षांत विसरले नव्हते. वर्गातला आवाज.

"बैठक उंच आहे. चिपा बघ कशा उडाल्या. जमिनीवर नाही बसला हा. इथं पाय. डावा जवळ. उजवा..." त्यांनी काठीनं ती मोकळी पट्टी दाखवली. "उजवा सरळ लांब. गुडघा वाकत नसावा बिचाऱ्याचा."

मी मान दुसरीकडे फिरवली.

"हात चांगला आहे. जुना हात. घाई नाही. शेवटच्या चिपा किती पातळ काढल्यात! मजा येत होती याला. एकटाच होता, पण मजेत होता." ते थांबले. "धार ताजी दिसते शकुंतला. हे आजचं आहे. खाली नाणं बघितलंस?"

मी ती मधली चिप उचलून दाखवली.

"आहे ना? मग हा आपलाच माणूस," ते समाधानानं म्हणाले. "फसवणारा नाही. फसवणारा नाणं ठेवणार नाही. यानं कोणाची तरी गंमत करायची ठरवलं आणि..."

काठी हवेतच राहिली. सर आपल्या पायाकडे बघत होते. पुढे पसरलेल्या, न वाकणाऱ्या उजव्या पायाकडे. चिपांमधली मोकळी पट्टी बरोबर त्याच्या पुढ्यात होती, अगदी त्याच लांबीची.

चिंचेवर पोपट ओरडत होते. ते उडून गेले.

"मी?" अखेर ते म्हणाले.

"हो सर."

"कवा?" ते घरच्या बोलीवर आले होते. "मले काहीच आठवत नाई. काहीच नाई, शकुंतला. हे माझंच हाय, हे दिसून राह्यलं. पण मी इथं नव्हतो." त्यांनी दोन्ही हात वर करून तळवे बघितले. "आणि मी त्या पोरीले चोर म्हटलं."

अंकिता झाडामागून बाहेर आली. सरांनी तिच्याकडे बघितलं आणि तिला जवळ बोलावलं. मला वाटलं, माफी मागतील. पण त्यांनी तिचा हात धरून घाईनं, वेळ फार कमी असल्यासारखं सांगायला सुरुवात केली.

"ऐक बेटा. मी उद्या हे विसरून जाईन. मले समजते आता. उद्या मी साहेबासमोर पुन्हा तुले चोर म्हणीन. तवा भांडू नको. रडू नको. मले इथं आणजो. चिपा उचलू नको कोणी. मी तुमचं ऐकणार नाई, पण दगडाचं ऐकीन."

७

सकाळी पुन्हा धुकं. अधिकाऱ्यांची गाडी बांधावरून हळूहळू आली. अधिकारी मऊ बोलणारे होते, हातात फाईल. वासुदेवराव नवा सदरा घालून उभे होते. कुंताबाईंनी चहा आणला. किशोरला मी रात्री जेवताना सगळं सांगितलं होतं. तो खाली मान घालून कपातल्या चहाकडे बघत होता.

मी देवाला मानत नाही, पण त्या सकाळी मी मागत होते, सरांना आठवू दे. एवढी एक सकाळ आठवू दे.

सर तंबूतून बाहेर आले. इस्त्रीचा शर्ट, केस नीट विंचरलेले. त्यांनी अधिकाऱ्यांना नमस्कार केला. मग मला बघून हसले. "आलीस का शकुंतला? एसटीनं आलीस की गाडीनं?"

"एसटीनं, सर."

ते अधिकाऱ्यांकडे वळले आणि त्यांचा चेहरा कठोर झाला. "साहेब, मला एक वाईट गोष्ट सांगायची आहे. आमच्या एका विद्यार्थिनीनं आम्हाला फसवलं. कुठाय ती पोरगी?"

अंकिता पुढे आली. ती भांडली नाही, रडली नाही. तिनं सरांचा हात आपल्या हातात घेतला.

"सर, एक जागा सापडली. घडवणाऱ्याची. वाचून सांगाल?"

सरांनी तिच्याकडे नवलानं बघितलं. राग कुठल्या कुठे गेला. "जागा? चल ना. साहेब, तुम्हीपण या. हे बघण्यासारखं असतं."

आम्ही सगळे धुक्यातून त्या दोघांच्या मागे गेलो. चिंचेखाली निळी खुर्ची होती तिथंच होती. सर बसले, उजवा पाय पुढे लांब केला, आणि बघायला लागले.

"बैठक उंच आहे," ते म्हणाले. "जमिनीवर नाही बसला हा. डावा पाय जवळ. उजवा सरळ लांब. गुडघा वाकत नसावा बिचाऱ्याचा."

शब्द न् शब्द तोच. अधिकारी थक्क होऊन ऐकत होते. किशोरनं पाठ फिरवली. अंकिता त्यांच्या खुर्चीशेजारी मातीत बसून त्यांच्या काठीच्या टोकाकडे बघत होती, पहिल्यांदाच ऐकते आहे अशा चेहऱ्यानं. त्यांनी नाण्याचं विचारलं, तिनं दाखवलं. ते म्हणाले, हा फसवणारा नाही. मग काठी थांबली. मग पाय दिसला.

या वेळी ते "मी?" म्हणाले नाहीत. त्यांनी अंकिताच्या डोक्यावर हात ठेवला आणि अधिकाऱ्यांकडे वळले.

"साहेब, ती कुऱ्हाड मी केली. या पोरीचा काही दोष नाई. लिहून घ्या."

"लिहितो सर, ऑफिसात गेल्यावर सविस्तर..."

"ऑफिसात नाई. आत्ता. अंकिता नाव तिचं. लवकर लिहा साहेब, माझ्या डोक्यातून जायच्या आधी लिहा."

अधिकाऱ्यांनी फाईल गुडघ्यावर ठेवली आणि खिशातलं पेन काढलं.